तुमचे प्रश्न : प्रॉडक्शन डिझायनर व्हायचंय

मागच्या अंकात सिनेमा-मालिकांच्या सेटबद्दल थोडं लिहिलं होतं आणि शेवटी म्हटलं होतं की या कामाबद्दल काही विचारायचं असेल तर जरूर विचारा, तर इतके प्रश्न आलेत की सगळे घेणं शक्यच नाहीये. सारखे वाटणारे एकत्र केलेत, पत्रं थोडी छोटी केलीत. नावं मुद्दाम कोणाचीच दिली नाहीत, कारण काहींनी सध्या जिथे काम करतात तिथलं मोकळेपणाने लिहिलंय.

ताई, मी बारावीत आहे. सिनेमा संपल्यावर नावं येतात त्यात प्रॉडक्शन डिझायनर वेगळा आणि आर्ट डायरेक्टर वेगळा असतो, मग दोघांत फरक काय? आणि माझं ड्रॉइंग बरं आहे पण फार भारी नाहीये, तरी या लाइनमध्ये येऊ का?

आधी फरक सांगते. गोष्टीतलं जग दिसणार कसं हे ठरवणं म्हणजे प्रॉडक्शन डिझायनरचं काम, आणि ते ठरलेलं जग वेळेत, बजेटमध्ये आणि कोणाच्या अंगावर न पडता उभं करणं हे आर्ट डायरेक्टरचं. डिझायनर दिग्दर्शक आणि सिनेमॅटोग्राफरसोबत अगदी सुरुवातीपासून बसतो, शूटिंगच्या कित्येक आठवडे आधी, मोठा सिनेमा असेल तर महिने आधी, आणि स्क्रिप्ट वाचून ठरवतो की कुठलं खरं लोकेशन घ्यायचं, कुठलं बांधायचं, कुठलं अर्धंच बांधून उरलेलं कॉम्प्युटरवर वाढवायचं. आर्ट डायरेक्टरच्या टेबलावर त्याच वेळी मापाची ड्रॉइंग्ज, सुतार, रंगारी, वेळापत्रक, खर्चाचे कागद. तिसरा माणूस सेट डेकोरेटर, म्हणजे फर्निचर, पडदे, दिवे, भिंतीवरचे फोटो, कपाटातली पुस्तकं हे सगळं आणून मांडणारा. आणि प्रॉप्स परत वेगळे. टेबलावर पडलेलं पेन हे सेट ड्रेसिंग, पण नटाने ते उचलून सही केली की ते प्रॉप मास्टरचं झालं. छोट्या प्रोजेक्टवर ही सगळी कामं एकच माणूस करतो आणि नाव काहीही लागतं, त्यामुळे नुसत्या नावावरून फार अंदाज बांधू नकोस.

हे नाव आलं कुठून तेही सांगते, कारण त्यातच फरक नीट कळतो. १९३९ च्या 'गॉन विथ द विंड'साठी निर्माता डेव्हिड सेल्झनिकने विल्यम कॅमेरॉन मेन्झीसला प्रॉडक्शन डिझाइनचं क्रेडिट दिलं. मेन्झीसने सेटच्या पुढे जाऊन शॉट कसा दिसेल, प्रसंगाचा मूड रंगातून कसा येईल हे चित्रांत आधीच मांडून ठेवलं होतं, आणि त्या सिनेमाचे दिग्दर्शक मध्येच बदलले गेले तरी दिसणं एकसंध राहिलं त्यात त्या चित्रांचा वाटा मोठा आहे. आता गंमत बघ, त्याच सिनेमासाठी आर्ट डायरेक्शनचं ऑस्कर मिळालं लाइल व्हीलरला, आणि मेन्झीसला रंगाच्या वापरासाठी वेगळा खास पुरस्कार दिला गेला. म्हणजे दोन कामं वेगळी आहेत हे तेव्हाच लोकांना कळत होतं. तरी ऑस्करमध्ये विभागाचं नाव मात्र कितीतरी वर्षं आर्ट डायरेक्शनच राहिलं, ते प्रॉडक्शन डिझाइन झालं २०१२ मध्ये. हा पुरस्कार डिझायनर आणि सेट डेकोरेटर दोघांना मिळून देतात, हे मला फार आवडतं.

आता तुझा खरा प्रश्न. ड्रॉइंग बरं आहे म्हणतोस ना, पुरे आहे. सुंदर चित्र काढणारे कॉन्सेप्ट आर्टिस्ट टीममध्ये असतात. तुला स्वतःला इतकं यायला हवं की डोक्यातली जागा समोरच्याला दोन मिनिटांत कागदावर दाखवता यावी, वरून बघितल्यावर कशी दिसते आणि समोरून कशी, दार कुठे, खिडकी कुठे, माणूस केवढा. त्याहून जास्त लागतं ते वाचणं. स्क्रिप्टमध्ये लिहिलेलं असतं, "ती रागाने आत जाते आणि दार लावते". वाचणाऱ्याला राग दिसतो. आपल्याला विचारायचं असतं की दार कुठल्या बाजूला उघडतं, लावताना तिचा चेहरा कॅमेऱ्याकडे राहतो की पाठ, दार आपटलं तर फ्लॅट, म्हणजे लाकूड-प्लायची खोटी भिंत, हलणार का, आणि बाहेर उभा असलेला माणूस दाराच्या काचेतून दिसायला हवाय का. माझ्या सुरुवातीच्या कामात मी एक दार उलट्या बाजूला उघडणारं काढलं होतं, सेट फार देखणा झाला होता, सगळ्यांनी कौतुक केलं, आणि शूटिंगच्या सकाळी कळलं की नटी आत आली की दाराआड पूर्ण झाकली जाते. बिजागऱ्या काढून दुसरीकडे लावेपर्यंत अख्खं युनिट थांबलं. तेव्हापासून मी सेट देखणा झालाय का हे नंतर बघते, आधी बघते की इथे सीन घडू शकतो का.

तर आत्तापासून एक कर. स्वतःची खोली टेपने मोज, १:५० मध्ये कागदावर उतरव, म्हणजे खरा एक मीटर कागदावर २ सेंटिमीटर. भिंतीची जाडी, खिडकीची उंची, स्विच जमिनीपासून किती वर, सगळं. मग त्याच खोलीत तुझ्यापेक्षा अगदी वेगळा माणूस राहत असता तर काय काय बदललं असतं ते लिही. पंधरा-वीस खोल्या अशा केल्यास तर परीक्षा संपेपर्यंत तुझा हात आणि डोळा दोन्ही तयार झालेले असतील.

मी आर्किटेक्ट आहे, वय ३१, सहा वर्षं प्रॅक्टिस केली. आता सिनेमात डिझाइन करायचंय. उशीर झालाय का? आणि मला काय विसरावं लागेल?

उशीर अजिबात नाही. या क्षेत्रातली मोठमोठी माणसं आर्किटेक्चर शिकलेली आहेत, केन अ‍ॅडमचंच घ्या, ते लंडनमध्ये आर्किटेक्चर शिकले, महायुद्धात फायटर पायलट होते आणि मग ड्राफ्ट्समन, म्हणजे मापाची ड्रॉइंग्ज काढणारा, म्हणून सिनेमात शिरले. तुम्हाला मापं येतात, मटेरियल कळतं, सुताराशी बोलता येतं, म्हणजे आर्ट डिपार्टमेंटमध्ये ज्या गोष्टी शिकवायला सगळ्यात जास्त वेळ जातो त्या तुमच्याकडे आधीच आहेत. फक्त सुरुवात ड्राफ्टिंगपासून करावी लागेल आणि तुमच्याहून लहान माणूस तुमचा वरिष्ठ असेल, त्याची मनाची तयारी ठेवा.

विसरायचं काय, तर इमारत टिकली पाहिजे हे. आपला सेट आठवडाभर उभा राहतो आणि मग तोडतात. भिंत म्हणजे लाकडी चौकटीवर प्लाय, मागे टेकू. पण टेकू, वजन, आग या बाबतीत मात्र इमारतीइतकंच कडक राहायचं, कारण त्या खोट्या गॅलरीवर खरी माणसं उभी राहतात. दगड वाटणारी भिंत दगडाची नसली तरी चालते, जिना मात्र खराच लागतो.

आणि दुसरं म्हणजे तुम्ही आजवर खोली डिझाइन केली ती त्यात फिरणाऱ्या माणसासाठी, आता बघणारा डोळा लेन्स आहे. हे जरा सविस्तर सांगते कारण आर्किटेक्ट लोक इथेच अडकतात. सिनेमाच्या कॅमेऱ्यात चित्र टिपणारा भाग म्हणजे सेन्सर, त्यातल्या सुपर ३५ नावाच्या आकाराची रुंदी साधारण २५ मिलिमीटर असते. त्यामुळे हिशोब सोपा होतो, २५ ची, म्हणजे २५ मिलिमीटर फोकल लेंग्थची, लेन्स असेल तर कॅमेरा जितका लांब तितकीच रुंदी फ्रेममध्ये येते, ५० ची असेल तर त्याच्या निम्मी, १०० ची असेल तर पाव. म्हणजे ५० च्या लेन्सने २० फुटांवरची भिंत बघितली तर १० फूट रुंदी दिसणार आणि उंची साधारण साडेपाच फूट, कॅमेरा डोळ्याच्या उंचीला असेल तर जमिनीपासून सव्वादोन ते पावणेआठ फूट एवढाच पट्टा. आता विचार करा, छतावर तुम्ही महिनाभर मेहनत घेतलीत तर ती कोण बघणार? म्हणूनच कित्येक सेटना छतच नसतं आणि तिथूनच लाइट टाकतात. पण दिग्दर्शक म्हणाला की मला खालून वर बघणारे शॉट हवेत, २१ ची लेन्स लावणार आहोत, तर छत हा त्या सेटचा सगळ्यात महत्त्वाचा भाग होतो. म्हणून ड्रॉइंगला हात लावायच्या आधी सिनेमॅटोग्राफरला विचारायचं, कुठल्या लेन्स, फ्रेमचा आकार काय, कॅमेरा फिरणार की स्टँडवर.

याच हिशोबातून आणखी एक कळतं. दहा बाय दहाची खरी खोली राहायला ठीक, शूटिंगला फार लहान, कारण भिंतीला पाठ लावून ५० ची लेन्स ठेवली तर समोरच्या भिंतीचे पाच फूट पण नीट मिळत नाहीत. यावर दोनच उपाय, खोली मोठी करा किंवा भिंत निघेल अशी करा. निघणारी भिंत म्हणजे वाइल्ड वॉल, शॉट झाला की परत जागेवर. मला विचाराल तर खोली उगाच मोठी करण्यापेक्षा भिंत काढणं केव्हाही बरं, कारण गरीब माणसाची खोली पडद्यावर हॉलएवढी दिसली की प्रेक्षकाला काय चुकलं ते सांगता येत नाही पण विश्वास उडतो.

पोर्टफोलिओत काय टाकू? मी थ्रीडी रेंडर्स, म्हणजे कॉम्प्युटरवर खऱ्यासारखी दिसणारी चित्रं, खूप छान करते, ३० आहेत.

३० रेंडर्सऐवजी तीन प्रोजेक्ट दाखव. प्रत्येकात सुरुवातीपासून शेवटपर्यंतचा रस्ता दिसू दे. सीनमधली कुठली गोष्ट तू पकडलीस ते दोन ओळीत, संदर्भाचे फोटो, हाताने काढलेली कच्ची स्केचेस, प्लॅन (वरून) आणि एलिव्हेशन (समोरून) मापांसकट, पांढऱ्या कार्डाचं छोटं मॉडेल असेल तर त्याचा फोटो, आणि खरं उभं राहिलं असेल तर सेटचा फोटो आणि फ्रेममधला फोटो शेजारी शेजारी. नाटक असलं तरी चालेल, मित्राची शॉर्ट फिल्म असली तरी चालेल.

मी सहायक निवडताना रेंडर बघून एकच विचारते, या दाराची रुंदी किती? ज्याला पटकन सांगता येतं त्याने ती जागा खरंच विचार करून बनवलीये, आणि जो कॉम्प्युटर उघडून बघतो म्हणतो त्याने चित्र बनवलंय. टीममध्ये केलेल्या कामात तुझा भाग कुठला ते स्पष्ट लिही, दुसऱ्याचं स्केच आपलं म्हणून टाकलेलं कळतंच, हे क्षेत्र फार छोटं आहे.

मालिकेत काम घेऊ की सिनेमाची वाट बघू?

मालिका मिळत असेल तर घे. सिनेमात दिवसाला स्क्रिप्टची दोन-चार पानं शूट होतात, मालिकेत त्याच्या दुप्पट किंवा त्याहूनही जास्त, आणि एक पान म्हणजे पडद्यावर अंदाजे एक मिनिट, त्यामुळे वेग किती लागतो तू समजून घे. मालिकेत मुख्य घराचा सेट कायम उभा असतो, त्याला स्टँडिंग सेट म्हणतात, आणि त्या त्या एपिसोडपुरत्या लागणाऱ्या जागा, म्हणजे हॉस्पिटलची खोली, पोलिस स्टेशन, कोणाचंतरी ऑफिस, या उरलेल्या जागेत बांधतात आणि पाडतात. एकाच जागेत परत परत नवं काहीतरी उभं करताना जुने फ्लॅट वापरायची, रंग बदलून दुसरी खोली करायची जी सवय लागते ती सिनेमात शिकायला वर्षं जातात.

स्टँडिंग सेटची एक वेगळीच मजा आणि वेगळीच जबाबदारी आहे. तो सेट वर्षानुवर्षं चालणार, आत्ता माहीत नसलेले सीन तिथे घडणार, त्यामुळे डिझाइन करतानाच भरपूर वाटा ठेवाव्या लागतात. एका खोलीतून दुसऱ्या खोलीत बघता येणं, दोन माणसं एकमेकांना न दिसता उभी राहू शकतील असे कोपरे, जिन्याचा असा वळसा की कोणी वरून ऐकू शकेल. लेखकांना या वाटा दिसल्या की ते त्यावर सीन लिहायला लागतात आणि तो क्षण मला अजूनही भारी वाटतो. तीन कॅमेऱ्यांवर एकदम शूट होणारी मालिका असेल तर चौथी भिंत नसतेच, सेट रुंद आणि उथळ होतो, दारं मागच्या भिंतीत किंवा कडेला, सोफा मधोमध आणि प्रेक्षकाकडे तोंड करून. बघणाऱ्याला ते खोटं वाटू शकतं, पण तीन कॅमेरे एकमेकांच्या फ्रेममध्ये न येता चालवायचे तर तसंच करावं लागतं.

सिनेमाची वाट बघत घरी बसू नकोस, एवढंच.

मी तीन वर्षं आर्ट डिपार्टमेंटमध्ये सहायक आहे. मागच्या प्रोजेक्टला आम्ही निवडलेला भिंतीचा रंग मॉनिटरवर घाणेरडा दिसला, सगळ्यांसमोर आम्हाला बोलणी बसली, आणि शेवटी माझं नावही क्रेडिट्समध्ये आलं नाही. सोडून द्यावं असं वाटतंय.

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. क्रेडिटचं माझ्यासोबतही झालंय, एका प्रोजेक्टवर पाच महिने ड्रॉइंग्ज काढली आणि नाव आलंच नाही, विचारलं तर यादी आधीच गेली म्हणाले. त्या दिवशीचं वाईट वाटणं अजून आठवतं. तेव्हापासून काम सुरू करायच्या आधी क्रेडिट काय आणि कुठे हे लेखी घेते, आणि माझ्या सहायकांची नावं, स्पेलिंगसकट, मी स्वतः बसून पाठवते. तूही पुढच्या वेळी कामाच्या कागदात एक ओळ मागून घे, सहायकाने मागितलं म्हणून कोणी चिडत नाही, आणि चिडलाच तर तिथे काम करावं का हे आधीच कळलं.

रंगाचं मात्र शिकण्यासारखं आहे आणि चूक एकट्या तुमची नव्हती. पिवळट लाइट, म्हणजे टंगस्टन, साधारण ३२०० केल्विनचा (केल्विन म्हणजे उजेड किती पिवळट की निळसर याचं माप), दिवसाचा उजेड ५६०० च्या आसपास. तुम्ही दुकानात किंवा वर्कशॉपमधल्या ट्यूबखाली निळसर राखाडी निवडला असेल तर पिवळट लाइटमध्ये तो मळकट, हिरवट होऊन बसतो. वर सिनेमॅटोग्राफरने काही फिल्टर लावला असेल, ग्रेडिंगसाठी, म्हणजे नंतर रंग ठीकठाक करतात त्यासाठी, मॉनिटरवर काही सेटिंग लावून ठेवली असेल, तर तुम्ही निवडलेला रंग आणि दिसणारा रंग यांचं नातंच राहत नाही. यावर एकच इलाज, दोन बाय दोन फुटाच्या प्लायवर तीन-चार शेड रंगवायच्या, त्यावर वापरायचंच फिनिश मारायचं, आणि त्याच कॅमेऱ्याखाली त्याच लाइटमध्ये टेस्ट करायची, शक्यतो नटाच्या कपड्यांचा तुकडा शेजारी धरून. पांढराशुभ्र रंग आणि कापड तर जवळजवळ कधीच तसंच वापरायचं नाही, लाइट त्यावरून इतका उसळतो की चेहरा मागे पडतो, म्हणून पांढरा नेहमी थोडा मोडून घेतात, कापड चहाच्या पाण्यात बुडवून काढतात. बारीक रेषा आणि बारीक चौकडी पण टाळायची, कॅमेऱ्यात त्या वळवळतात.

सिनेमॅटोग्राफर हा आपला पहिला जोडीदार, हे मी प्रत्येक सहायकाला सांगते. सत्यजित राय यांच्या 'अपराजितो'चं उदाहरण बघ, १९५६ चा सिनेमा. बनारसमधल्या घराचं अंगण बन्सी चंद्रगुप्त यांनी स्टुडिओत बांधलं होतं, आणि अशा अंगणात उजेड वरून, सगळीकडून सारखा झिरपतो, सावल्या जवळपास नसतात. सिनेमॅटोग्राफर सुब्रत मित्र यांनी अंगणावर पांढरं कापड ताणलं आणि खालून लाइट त्यावर मारून परतवला. बघणाऱ्याला तो सेट आहे हे कळलं नाही. आता हे यश सेटचं की लाइटचं? वेगळं करताच येत नाही. सुब्रत मित्र कितीही मोठे असते तरी अंगण चुकीचं असतं तर कापडाने काही झालं नसतं आणि अंगण कितीही हुबेहूब असतं तरी थेट लाइट मारला असता तर चार सावल्या पडल्या असत्या.

आणि कधीकधी कॅमेऱ्याला न दिसणारा रंगही महत्त्वाचा असतो. केन अ‍ॅडम यांनीच १९६४ च्या 'डॉ. स्ट्रेंजलव्ह'साठी ती प्रचंड गोल टेबलाची वॉर रूम केली. सिनेमा ब्लॅक अँड व्हाइट, तरी टेबलावर हिरवं कापड लावलं होतं, का तर दिग्दर्शक कुब्रिकला हवं होतं की नटांना पत्त्यांच्या डावाला बसल्यासारखं वाटावं, जगाचं भवितव्य म्हणजे डाव. हिरवा रंग कोणालाच दिसणार नव्हता, बसणाऱ्यांना सोडून. सेट कोणासाठी असतो याचं मला याहून चांगलं उदाहरण सापडलेलं नाही.

सोडायचं की नाही ते तू ठरव, पण एका भिंतीच्या रंगावरून नको ठरवूस. पुढच्या प्रोजेक्टला तू स्वतः टेस्ट मागून घे. तीन वर्षांच्या सहायकाला तेवढा आवाज असतो.

आता एलईडी भिंतीवर अख्खं जग दाखवतात, वरून एआय दोन सेकंदात सेटचं चित्र काढून देतं. दहा वर्षांनी प्रॉडक्शन डिझायनर लागणार का?

एलईडी भिंतीने, म्हणजे सेटमागे लावलेल्या प्रचंड स्क्रीनने, काम कमी झालेलं नाही, पुढे सरकलंय. २०१९ मध्ये 'द मँडलोरियन' मालिका आली तेव्हा सगळ्यांचं लक्ष तिकडे गेलं, सुमारे २० फूट उंच, जवळजवळ तीन चतुर्थांश गोल वळलेली भिंत, आत ७५ फूट व्यासाची जागा, आणि भिंतीवरचं दृश्य कॅमेऱ्यासोबत हलतं. पूर्वी हिरव्या पडद्यासमोर शूट करून मागचं जग नंतर सहा महिने बसून करायचे. इथे ते शूटिंगच्या दिवशी तयारच लागतं. म्हणजे डोंगर कुठे, सूर्य कुठे, इमारत किती जुनी हे डिझायनरला आधी ठरवावं लागतं. शिवाय जमीन, पायऱ्या, नटाच्या जवळचं सगळं खरंच बांधावं लागतं, आणि खरी वाळू जिथे संपते नि भिंतीवरची सुरू होते तो सांधा लपवणं हे शुद्ध जुन्या पद्धतीचं कसब आहे, पूर्वी रंगवलेल्या पडद्यासमोर जे करायचे तेच. फोकस भिंतीवर गेला की चित्रात लहरी येतात म्हणून नटाला भिंतीपासून लांब ठेवायचं, तेही सेटच्या आराखड्यात धरावं लागतं. आणि त्या भिंतीचा उजेड लाल-हिरव्या-निळ्या ठिपक्यांचा असल्यामुळे खरे रंग त्यात वेगळेच दिसतात, परत टेस्ट आलीच.

एआयचं माझं स्पष्ट मत आहे. दिग्दर्शकाला पहिल्या मीटिंगमध्ये "असं काहीतरी?" विचारायला ते चालेल, तिथेही कोणाचं काम उचलून बनलंय याची मला चिंता वाटते आणि वाटायला हवी. पण त्या चित्राला प्लॅन नसतो. जिना जातो तो भिंतीत जातो, खिडकी बाहेरून एका जागी आणि आतून दुसऱ्या. सुताराला ते चित्र देऊन बघा, तो पहिला प्रश्न विचारेल त्याचं उत्तर चित्रात नसतं. स्केचेस काढणाऱ्या तरुण मुलांची सुरुवातीची कामं यामुळे कमी होतील ही भीती मात्र खरी आहे आणि ती मी हलक्यात घेत नाही. म्हणून तुम्हाला सांगते, माप, मटेरियल आणि स्क्रिप्ट या तिन्ही गोष्टी पक्क्या करा.

माझी मुलगी हे करायचं म्हणतेय. काम कायमचं नसतं असं ऐकलंय. आई म्हणून काळजी वाटते. तिला जाऊ देऊ का?

काळजी योग्य आहे. काम प्रोजेक्टपुरतं असतं, एक संपलं की दुसरं शोधायचं, मध्ये रिकामे महिने येतात, आणि काम असताना दिवस बारा-चौदा तासांचे होतात, कधी रात्री. पैसे उशिरा येणं हेही घडतं. तिला पहिल्या दिवसापासून हिशोब ठेवायला आणि रिकाम्या महिन्यांसाठी बाजूला ठेवायला शिकवा, तुम्ही ते माझ्यापेक्षा चांगलं शिकवाल. सोबत ड्राफ्टिंगचं एक तरी सॉफ्टवेअर चांगलं येऊ दे, म्हणजे मधल्या काळात प्रदर्शनं, म्युझियम, दुकानांचं डिझाइन अशी कामं मिळतात. बाईने सेटवर सुतारांना सूचना द्यायच्या म्हटलं की पूर्वी भुवया उंचावायच्या, अजूनही काही ठिकाणी उंचावतात, पण ड्रॉइंग बरोबर असेल तर दुसऱ्या दिवसापासून कोणी काही बोलत नाही हा माझा अनुभव. रात्रीच्या कामानंतर घरी पोचवायची सोय आहे का हे तिने काम घेतानाच विचारावं, संकोच न करता.

तिला एखाद्या छोट्या प्रोजेक्टवर महिनाभर मदतीला जाऊ द्या. तोडताना थांबायला सांगा. दोन महिने खपून बांधलेला सेट एका दिवसात भंगार होतो, ते बघून जिला पुढच्या सेटबद्दल बोलावंसं वाटतं ती या कामात टिकते.

सोमवारपासून आर्ट डिपार्टमेंटमध्ये पहिल्यांदा जॉइन होतोय. काय घेऊन जाऊ?

पाच मीटरचा टेप, पेन्सिल, छोटी वही, टॉर्च, कटर, बंद बूट. फोन पूर्ण चार्ज, कारण शॉट झाल्या झाल्या सेटचे फोटो घ्यायचे असतात, ग्लास कुठे होता, पुस्तक कितव्या पानावर उघडं होतं, पडदा किती सरकवलेला, उद्या परत तिथूनच सुरू करायचं असतं. "हॉट सेट" अशी पाटी दिसली तर तिथलं काहीही हलवायचं नाही, चुरगळलेला कागदसुद्धा नाही, तो कोणीतरी तसाच चुरगळून ठेवलेला असतो. आणि कितीही दमलास तरी रिकामी खुर्ची दिसली म्हणून बसू नकोस, आधी विचार ती सेटची आहे का.